फिनिश समर सूपमधलं दूध फाटतंय? आधी ते नेमकं कधी फाटलं ते बघा

भाज्या मस्त शिजल्या, घरभर गाजर-मटारचा गोडसर वास सुटला, दूध ओतलं आणि पाच-सात मिनिटांत भांड्यात पांढरे कण आणि मधे पिवळट पाणी. केसॅकेइत्तो घरी करणाऱ्या बहुतेकांचं गाडं इथेच अडतं. मग पुढच्या वेळी काय करतात तर जास्त क्रीम आणतात, त्याच्या पुढच्या वेळी दुधाचा ब्रँड बदलतात, आणि तरी एकदा नीट होतं एकदा फाटतं असं चालूच राहतं. क्रीमने थोडा फरक पडतो, नाही असं नाही, पण मूळ दुखणं क्रीमचं नाहीये. भाजी शिजवणं आणि दूध शिजवणं ही दोन वेगळी कामं आपण एकाच भांड्यात एकाच आचेवर उरकायला बघतो, तिथे सगळी गडबड आहे. ही दोन कामं वेगळी केली की साध्या दीड टक्का फॅटच्या दुधातही हे सूप नीट होतं.

ज्यांना हा प्रकारच माहीत नाही त्यांच्यासाठी पटकन सांगते. केसॅकेइत्तो म्हणजे फिनलंडमधलं उन्हाळ्यातलं दुधातलं भाज्यांचं सूप. नवे बटाटे, कोवळी गाजरं, फ्लॉवर, मटार, कधी फरसबी, कधी थोडा पालक. भाज्या बुडतील न बुडतील एवढ्या पाण्यात शिजवायच्या, मग दूध, थोडा मैदा, बटर, पांढरी मिरी, आणि वरून तिल्ली म्हणजे आपला शेपू नाहीतर पार्सली. बास. लसूण नाही, फोडणी नाही. जूनच्या शेवटी युहान्नुसचा सण येतो त्या सुमाराला नवे बटाटे बाजारात येतात, जुलैत मटार, आणि हेलसिंकीच्या कौप्पातोरीवर किंवा हाकानिएमीच्या चौकात गेलात तर शेंगा किलोवर नाही तर लिटरच्या मापाने विकतात. सोबत राईचा काळा ब्रेड आणि त्यावर बटर. स्वीडनमध्येही याच्यासारखंच सूप असतं, त्याला एंगामात म्हणतात.

आता एक गंमत आहे की फिनिश लोकांनाच विचारलं तर अर्धे म्हणतील आजीच्या हातचं केसॅकेइत्तो म्हणजे क्या बात है आणि अर्धे नाक मुरडतील. नाक मुरडणाऱ्यांनी बहुतेक ते शाळेत खाल्लेलं असतं. फिनलंडमध्ये शाळेतलं जेवण १९४८ पासून सगळ्या मुलांना फुकट आहे (कायदा १९४३ चा), आणि मोठ्या भांड्यात केलेलं दुधाचं सूप तासन्‌तास गरम ठेवलं तर त्याचं काय होणार, फ्लॉवरचा लगदा आणि दुधाचे कण. म्हणजे तुमच्या घरी जे होतंय तेच, फक्त मोठ्या प्रमाणावर.

फाटतं का

आपण भारतीय घरांमध्ये रोज दूध उकळतो, उतू जाईपर्यंत उकळतो, आणि ताजं दूध काही फाटत नाही. त्यामुळे "दूध उकळलं म्हणून फाटलं" हे अर्धंच खरं आहे. नुसतं दूध उकळलं तर चालतं, भाजीच्या पाण्यासोबत उकळलं की चालत नाही.

दुधातलं मुख्य प्रथिन म्हणजे केसिन, त्याचे बारीक बारीक गोळे दुधात तरंगत असतात आणि एकमेकांपासून लांब राहतात म्हणून दूध एकसंध दिसतं. ताज्या दुधाचा पीएच (आंबटपणाचं माप, आकडा जितका कमी तितकं आंबट) असतो ६.६ ते ६.७ च्या आसपास. गार दुधात आंबटपणा वाढत वाढत पीएच ४.६ पर्यंत गेला की केसिन पूर्ण गोळा होतं, पण दूध गरम असेल तर एवढं खाली जायची गरजच पडत नाही, उकळत्या दुधाला थोडासा आंबटपणासुद्धा पुरतो. आणि भाज्या आपल्याला आंबट लागत नसल्या तरी गाजर, फ्लॉवर, बटाटा, फरसबी यांचा पीएच साधारण साडेपाच ते साडेसहाच्या मधे असतो, त्यात भाज्यांमधली तुरट द्रव्यंही दुधाच्या प्रथिनांना चिकटतात, मीठ असतं, आणि वरून उकळी. यातलं एकटं कुणीच दूध फाडत नाही, सगळे एकत्र आले की फाडतात. म्हणूनच एकाच रेसिपीने एकदा नीट होतं आणि एकदा बिघडतं, कारण त्या दिवशी मीठ जरा जास्त पडलं, फरसबी जास्त होती, दूध दोन दिवस आधी उघडलेलं होतं, किंवा फोन आला म्हणून उकळी चालूच राहिली.

यावरचा उपाय मराठी माणसाला शिकवायची खरं तर गरज नाही, ताकाची कढी करताना आपण बेसन लावतो, सतत ढवळतो आणि खळखळ उकळू देत नाही, ते फाटू नये म्हणूनच. केसॅकेइत्तोमधल्या मैद्याचं कामही तेच. बरेच जण मैदा म्हणजे नुसतं घट्ट करायला असतो असं समजून "आम्हाला पातळच आवडतं" म्हणून वगळतात, किंवा ग्लूटेन नको म्हणून वगळतात, आणि मग दूध फाटलं म्हणून दुधाला शिव्या. मैद्यातला स्टार्च फुगतो आणि केसिनच्या कणांच्या मधे येतो, त्यांना एकमेकांना चिकटू देत नाही. ग्लूटेन नको असेल तर कॉर्नफ्लोअर किंवा बटाट्याचा स्टार्च घ्या (फिनलंडमध्ये तो पेरुनायौहो नावाने प्रत्येक दुकानात मिळतो), मैद्याच्या निम्मा पुरतो. पण काहीतरी पिठूळ हवंच.

कधी फाटलं त्यावरून कारण ओळखा

दूध ओतल्या ओतल्या, अगदी अर्ध्या मिनिटात मोठे मोठे गठ्ठे झाले असतील तर आचेचा दोष नाही. एवढ्या पटकन दूध फाटतं ते भांड्यात खरोखरचं आंबट काहीतरी असतं म्हणून. फिनलंडमध्ये नवीन आलेल्यांचं सगळ्यात कॉमन कारण म्हणजे पीमा. दुधाच्या खोक्यासारखंच खोकं, त्याच फ्रिजमध्ये शेजारी ठेवलेलं, आणि आत आपल्या ताकाच्या जवळचं आंबवलेलं दूध. खोक्यावर माइतो लिहिलंय की पीमा ते एकदा वाचा. तसंच केर्मावीली. नावात केर्मा म्हणजे क्रीम आहे म्हणून लोक घेतात, पण ते आंबवलेलं असतं, गार डिपसाठी असतं, गरम सूपमध्ये गेलं की फाटतंच. सूपसाठी घ्यायचं ते कुओहुकेर्मा (३५ टक्क्यांच्या वरचं क्रीम) नाहीतर रुओकाकेर्मा, म्हणजे स्वयंपाकाचं क्रीम, जे १०-१५ टक्क्यांचं असतं आणि त्यात बहुतेक वेळा ते फाटू नये म्हणून स्टॅबिलायझर घातलेलं असतं. आंबटसरच चव हवी असेल तर रान्स्कानकेर्मा (हेही आंबवलेलं क्रीमच) घ्या, ते फॅट जास्त असल्याने उष्णता बऱ्यापैकी सहन करतं, पण तेही गॅस बंद केल्यावर.

पुण्या-मुंबईत करत असाल तर पीमाचा प्रश्न नाही, तिथे दुसरी गोष्ट असते, लोण्यासाठी फ्रिजमध्ये जमवलेली साय. पाच-सहा दिवसांची साय, त्यात कधी विरजणही लागलेलं, आणि "क्रीम नाहीये तर साय टाकू" म्हणून ती सूपमध्ये जाते. ती आंबटच असते हो. आजचीच साय असेल तर खुशाल टाका.

आणि टोमॅटो. बघा, मला कळतं, टोमॅटोशिवाय सूप म्हणजे काहीतरी चुकल्यासारखं वाटतं, पण टोमॅटोचा पीएच साडेचारच्या आसपास असतो आणि या सूपमध्ये त्याला जागा नाही. लिंबू पिळायचंच असेल तर स्वतःच्या वाडग्यात पिळा आणि पटकन खा.

दूध जुनं आहे का ही शंका असेल तर आपली जुनी परीक्षा आहेच, वाटीभर दूध वेगळं उकळून बघायचं. त्याहून चांगली परीक्षा म्हणजे अर्धी वाटी दुधात दोन-तीन चमचे भाजीचं गरम पाणी घालून ते मायक्रोवेव्हमध्ये कडक गरम करायचं. तिथे फाटलं तर भांडंभर सूप वाचलं.

आता दुसरा प्रकार, आणि सगळ्यात जास्त हाच दिसतो. दूध ओतलं तेव्हा सगळं छान होतं, पाच-दहा मिनिटं उकळत ठेवलं आणि मग हळूहळू बारीक रवाळ कण दिसायला लागले. इथे कारण उकळीच असते, पण त्यामागे स्टोव्हचा हात असतो आणि तो कुणी बघत नाही. आपण गॅसवर शिकलेली माणसं, बटण फिरवलं की आच कमी. फिनलंडमधल्या बऱ्याच भाड्याच्या घरांत लोखंडी चकत्यांचे नाहीतर काचेचे इलेक्ट्रिक स्टोव्ह असतात, बटण ९ वरून २ वर आणलं तरी चकती पुढची कितीतरी मिनिटं तापलेलीच राहते, आणि दूध खळखळत राहतं. बटणाकडे बघून वाटतं मंद आच आहे. त्यामुळे दूध घालायच्या आधी भांडं उचलून दुसऱ्या, आधीपासून मंद ठेवलेल्या चकतीवर ठेवायचं. साधी गोष्ट आहे पण निम्म्या लोकांचा प्रश्न इथेच सुटतो असं माझं मत आहे. इंडक्शन असेल तर ही भानगड नाही.

झाकणही ठेवू नका. झाकणाखाली मंद आचेवरही उकळी येते आणि दिसत नाही, शिवाय भाजी शिजवतानासुद्धा झाकण काढलेलं बरं कारण भाजीतली काही आम्लं वाफेबरोबर उडून जातात. मटार-फरसबीचा हिरवा रंगही त्यामुळे टिकतो, झाकण ठेवून आंबटसर वाफेत शिजवलं की हरितद्रव्यातला मॅग्नेशियम निघून जातो आणि मटार खाकी पडतात.

मीठ. भाजीच्या पाण्यात थोडंसं घाला, बाकीचं अगदी शेवटी. वेजिटेबल स्टॉकचा क्यूब टाकत असाल तर तो जवळजवळ मीठच असतो, तो टाकल्यावर वेगळं मीठ घालताना हात आखडता घ्या. मला विचाराल तर या सूपमध्ये क्यूब नकोच, कोवळ्या भाज्यांचा जो हलका गोडवा असतो तो सगळा मारून टाकतो.

दुधातलं फॅट किती यावर फार वाद घालतात. फिनलंडमध्ये रास्वातोन म्हणजे बिनफॅटचं, केव्युत १.५ टक्का, आणि तॅयुसमाइतो ३.५ टक्के. बिनफॅटच्या दुधात फाटलेले कण जास्त उठून दिसतात आणि खाताना खरखरीत लागतात, म्हणून ते टाळा. बाकी दोन्हीत होतं. लॅक्टोज-फ्री दूध पण चालतं, त्यातल्या काहींची चव जरा गोड असते कारण लॅक्टोज तोडून ग्लुकोज-गॅलॅक्टोज केलेलं असतं, तर रेसिपीत जी चिमूटभर साखर असते ती मग घालू नका. ओटचं दूध घेतलं तर फाटायचा प्रश्नच नाही, त्यात केसिन नाही, पण ते स्वतःच गरम झाल्यावर घट्ट होतं, पीठ निम्मं करा. सोयाचं मात्र फाटतं.

तिसरा प्रकार म्हणजे काल छान होतं, आज गरम केलं आणि फाटलं. रात्रभरात भाज्यांतून अजून रस उतरतो, मीठ-मसाला सगळा मुरतो, आणि मग घाईत मायक्रोवेव्हमध्ये फुल पॉवरवर चार मिनिटं. कडेने उकळतं, मधे गारच. मंद आचेवर, थोडं ताजं दूध घालून, ढवळत, वाफा येईपर्यंतच गरम करायचं. मायक्रोवेव्हच हवा असेल तर कमी पॉवरवर थांबून थांबून.

खात्रीची पद्धत

पारंपरिक पद्धतीत काय करतात तर गार दुधात मैदा कालवतात आणि ते उकळत्या भाज्यांवर बारीक धारेने ओततात, मग कच्च्या पिठाची चव जायला पाच-दहा मिनिटं मंद शिजवतात. हे बरोबरच आहे, पण यात ती पाच-दहा मिनिटंच धोक्याची आहेत, कारण पीठ शिजायला आच हवी आणि दूध वाचवायला आच नको. ज्यांचं सारखं फाटतं त्यांनी सरळ दोन भांडी घ्यावीत. भांडी जास्त घासायला लागतात, मान्य.

चार जणांसाठी अर्धा किलो नवे बटाटे, तीन-चार कोवळी गाजरं, एक छोटा फ्लॉवर (मोठा असेल तर पाव), वाटी-दीड वाटी सोललेले मटार, मूठभर फरसबी. पाणी अर्धा लिटर, दूध अर्धा लिटर, मैदा २ ते ३ टेबलस्पून, बटर २ टेबलस्पून, क्रीम घालायचं तर १०० मिली. मीठ, पांढरी मिरी, पाव चमचा साखर, शेपू.

एका भांड्यात पाणी उकळून थोडं मीठ घालून आधी बटाटे, पाच मिनिटांनी गाजर आणि फरसबी, अजून पाच मिनिटांनी फ्लॉवरचे छोटे तुरे, आणि शेवटच्या तीन मिनिटांत मटार. फ्रोजन मटार असतील तर अजून उशिरा. सगळं एकदम टाकलं तर बटाटा कच्चा आणि फ्लॉवर मेण होतो, आणि फ्लॉवर जास्त शिजला की गंधकाचा तो उग्र वास सुटतो तो दुधात गेला की काही केल्या जात नाही. पाणी जास्त घालू नका, भाज्या जेमतेम झाकल्या जातील एवढंच.

दुसऱ्या भांड्यात बटर वितळवून त्यात मैदा परता, रंग बदलू द्यायचा नाही, नुसता फेसाळला पाहिजे, मग दूध थोडं थोडं घालत व्हिस्कने फेटायचं, आणि हे नीट उकळू द्यायचं. हो, उकळू द्यायचं, दोन-तीन मिनिटं. इथे भाजी नाही, आंबट काही नाही, मीठ नाही, त्यामुळे फाटायचं कारणच नाही, आणि पीठही पूर्ण शिजून जातं. तयार झालं की पातळ व्हाइट सॉससारखं दिसेल.

मग मिसळायचं, पण उलट्या क्रमाने. दूध भाजीत ओतायचं नाही, आधी भाजीचं गरम पाणी डावभर डावभर त्या सॉसमध्ये घालून फेटत जायचं, निम्मं पाणी गेलं की मग सगळं भाज्यांच्या भांड्यात. असं केलं की दुधाला आंबटपणाचा एकदम झटका बसत नाही, आणि तोपर्यंत स्टार्च पूर्ण फुगलेला असतो. आता आच अगदी मंद, भांड्याच्या कडेला बारीक बुडबुडे थरथरतील एवढीच, ८०-८५ अंश सेल्सिअसच्या आसपास. थर्मामीटर असेल तर बघा, नसेल तर वाफ येते पण मधे उसळत नाही ही खूण. दोन-तीन मिनिटं, चव बघून मीठ, मिरी, साखर, बंद. क्रीम घालायचं तर आत्ता, फ्रिजमधून काढून आधी बाहेर ठेवलेलं. पालक घालायचा तर तोही आत्ताच, बारीक चिरून, आधी घातला तर दूध हिरवट होतं आणि दातांना तो चुन्यासारखा स्पर्श जाणवतो, ते ऑक्झॅलिक आम्लामुळे. शेपू गॅस बंद केल्यावर.

एक चोरटा उपाय पण आहे जो कट्टर लोकांना आवडणार नाही, चमचाभर सुलातेयुउस्तो म्हणजे प्रोसेस्ड चीज. भारतात अमूलची एक क्यूब किसून. अशा चीजमध्ये सायट्रेट किंवा फॉस्फेटचे क्षार असतात आणि ते कॅल्शियमला धरून ठेवतात, त्यामुळे केसिन गोळा होत नाही. चव थोडी बदलते पण दहा माणसांसाठी करत असाल आणि तासभर गरम ठेवायचं असेल तर मी हेच करीन. खायचा सोडा मात्र टाकू नका, आंबटपणा कमी होतो आणि दूध वाचतं हे खरं, पण भाज्यांचा गाळ होतो आणि साबणासारखी चव येते.

प्रत्येक कण म्हणजे फाटलेलं दूध नाही

हे महत्त्वाचं आहे कारण कारण वेगळं असेल तर वरचं सगळं करून काही उपयोग नाही. चमच्यात थोडं सूप घेऊन उजेडात बघा. कण पांढरे, बारीक, आणि आजूबाजूचं पाणी पातळ, पिवळट किंवा हिरवट असेल तर दूध फाटलंय. पण कण दिसतायत आणि आजूबाजूचं दूध अजून पांढरं, दाटच आहे असं असेल तर दुसरं काहीतरी. बोटांत चुरडल्यावर चिकट पीठ लागलं तर मैद्याच्या गुठळ्या, मैदा गरम दुधात थेट टाकला की होतात, गार दुधात कालवा आणि गाळून घ्या. पातळ, लवचिक तुकडे असतील तर ती साय आहे, वर धरलेली साय ढवळताना मोडली की अगदी फाटल्यासारखी दिसते, सूप उगाच फेकून देऊ नका, ढवळत राहिलात तर धरतच नाही. बटाट्याचा रवाही असा फसवतो. पिठूळ बटाटा कडेने विरघळतो आणि सूप खरखरीत होतं. फिनलंडमध्ये यासाठी पिशव्यांवर रंग असतात, हिरवा म्हणजे घट्ट राहणारा, पिवळा मधला, लाल म्हणजे पिठूळ. सूपला हिरवा. नवे बटाटे मिळतायत तोवर हा प्रश्न येत नाही, साल पण काढायची नाही, ब्रशने घासायचे.

पिवळसर धागे असतील तर ते अंडं. जुन्या काही पद्धतींत शेवटी क्रीममध्ये अंड्याचा बलक फेटून घालतात, मस्त मखमली होतं, पण उकळत्या सूपमध्ये सरळ ओतलं तर अंड्याची भुर्जी होणारच. आधी दोन डाव गरम सूप बलकात घालून फेटा, मग ते सगळं भांड्यात, आणि त्यानंतर उकळी नाही.

आणि वर पिवळे तेलकट थेंब असतील तर बटर किंवा क्रीमचं फॅट सुटलंय, ते जोरात फेटलं की बऱ्यापैकी परत मिसळतं.

तपकिरी-काळे कण आणि करपट वास, ते तर सगळ्यांना माहीत आहे, दूध तळाला लागलं. खरवडू नका. वरचं सूप हळूच दुसऱ्या भांड्यात काढा, खालचं सोडून द्या. जाड बुडाचं भांडं घ्या. आणि लोखंडी कढईत तर करूच नका, बटाटा-फ्लॉवरमधली द्रव्यं लोखंडाशी मिळून काळपट पडतात, सगळं सूप करड्या रंगाचं होतं.

फाटलंच तर

ताजं दूध भाज्यांमुळे फाटलं असेल तर खायला काही धोका नाही, फक्त दिसायला वाईट. ताबडतोब आचेवरून काढा. झाऱ्याने भाज्या बाजूला काढा, उरलेल्या पातळ भागात एक चमचा कॉर्नफ्लोअर दोन चमचे गार दुधात कालवून घाला आणि हँड ब्लेंडर फिरवा, एक मिनिट पुरतं. कण इतके बारीक होतात की जिभेला लागत नाहीत. मग मंद आचेवर घट्ट होईपर्यंत ढवळा, भाज्या परत आत. मूळच्यासारखं रेशमी होणार नाही पण पाहुण्यांना कळत नाही. सगळ्या भाज्यांसकट ब्लेंडर फिरवायचा मोह टाळा, बटाटा ब्लेंडरमध्ये गेला की डिंकासारखा चिकट होतो आणि मग ते केसॅकेइत्तो राहत नाही. दुधाला मुळातच आंबट वास येत असेल तर मात्र काही करू नका, टाकून द्या.

भारतात करणाऱ्यांसाठी दोन शब्द

पहिलं म्हणजे नाव उन्हाळी सूप असलं तरी महाराष्ट्रात ते मे महिन्यात करायला जाऊ नका. कोवळे मटार, गोड गाजर, घट्ट फ्लॉवर हे सगळं आपल्याकडे डिसेंबर ते फेब्रुवारीत येतं, तेव्हा करा, मंडईत जे मिळेल ते बघून. मेमधले निबर मटार दाणेदार आणि पिठूळ असतात, त्यांनी फक्त सूप घट्ट होतं, गोडवा येत नाही. लाल गाजरं रंग सोडतात, सूप गुलाबी झालं तर घाबरू नका, केशरी मिळाली तर ती घ्या.

पिशवीच्या दुधात टोन्ड ३ टक्के फॅटचं आणि फुल क्रीम ६ टक्क्यांचं असतं. फुल क्रीम घेतलंत तर वेगळं क्रीम लागतच नाही, उलट जडच होतं, त्यात थोडं पाणी जास्त चालतं. पावसाळ्या-उन्हाळ्यात दूध सकाळी आणून दुपारपर्यंत बाहेर राहिलं असेल तर चव बदललेली नसली तरी पीएच थोडा खाली गेलेला असतो, म्हणून वाटीतली परीक्षा करून मगच. शेपू आपला जरा तिखट, उग्र असतो तिकडच्या तिल्लीपेक्षा, म्हणून देठ सगळे काढा आणि प्रमाण निम्मं ठेवा, ज्यांना शेपूची भाजी बघून पळायला होतं त्यांनासुद्धा दुधातला शेपू चालतो असं बघितलंय. पांढरी मिरी नसली तर काळी चालेल, काळे ठिपके दिसतील एवढंच. हळद नको.

सूप फिक्कं लागतंय ही तक्रार पण बरेच जण करतात आणि मग चाट मसाला वगैरे. बहुतेक वेळा पाणी जास्त झालेलं असतं किंवा शेवटचं मीठ घालायचं राहिलेलं असतं. बटरचा एक छोटा तुकडा वाडग्यात वरून टाकून बघा, आणि सोबत खारं बटर लावलेला ब्रेड हवाच, सूप मुद्दाम सौम्य असतं कारण त्याच्याबरोबर आंबट-खारट असा राईचा ब्रेड खायचा असतो. राईचा मिळत नसेल तर ज्वारीच्या भाकरीवर लोणी लावून पण छान लागतं.

उरलेलं सूप फ्रिजमध्ये दोन दिवस ठीक राहतं. फ्रीजरमध्ये टाकू नका, बटाटा स्पंजसारखा होतो आणि दूध-पाणी वेगळं होतंच, तिथे मैद्याचाही काही उपयोग होत नाही. आधीच जास्त करून ठेवायचं असेल तर भाज्या त्यांच्या पाण्यातच शिजवून वेगळ्या ठेवा, अगदी किंचित कच्च्या, आणि दुधाचा सॉस खायच्या आधी दहा मिनिटं ताजा करा.